ब्रेकमधली हवा

पालघर जिल्ह्यात, नालासोपाऱ्याच्या पश्चिमेला गास हे गाव आहे. वसईच्या सनसिटी भागातून गासकडे येणारा रस्ता सखल, पाणथळ जमिनीतून येतो आणि मुसळधार पावसात पाण्याखाली जातो. अशा पाण्यातून मोटार बाहेर काढली की ब्रेक दाबूनही ती लवकर थांबत नाही. मग कोणी म्हणते, ‘ब्रेकमध्ये पाणी गेले’. कोणी म्हणते, ‘ब्रेकने हवा धरली’. ही दोन दुखणी वेगळी आहेत आणि त्यांचे उपायही वेगळे आहेत. गाडीला यांपैकी कोणते दुखणे झाले आहे, हे बहुतेक वेळा चालकाच्या पायालाच कळते. ते कसे, हे समजण्यासाठी शालेय पुस्तकातले भौतिकशास्त्र पुरेसे आहे.

पायापासून चाकापर्यंत

सायकलचा ब्रेक सळईने किंवा तारेने ओढला जातो. मोटारीत हे काम द्रव करतो. ब्रेकचे पेडल म्हणजे एक तरफ. ती मुख्य सिलिंडरमधला (गॅरेजच्या भाषेत मास्टर सिलिंडरमधला) दट्ट्या पुढे ढकलते. तिथून बारीक नळ्या चारही चाकांकडे जातात. प्रत्येक चाकापाशी आणखी दट्टे असतात. ते घर्षणाच्या पट्ट्या फिरत्या ड्रमवर किंवा चकतीवर दाबतात. कुर्ल्याच्या कारखान्यात तयार झालेली आणि मुंबईत टॅक्सी म्हणून २०२३ पर्यंत धावलेली प्रीमियर पद्मिनी असो, की आजची नवी मोटार, मूळ रचना हीच.

या रचनेमागे पास्कलचा नियम आहे. बंदिस्त द्रवावर एका जागी दिलेला दाब सर्वत्र सारखाच पोहोचतो. पास्कलचा यावरचा प्रबंध त्याच्या मृत्यूनंतर, १६६३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच तत्त्वावरच्या दाबयंत्राचे पेटंट ब्रामाने इंग्लंडमध्ये १७९५ साली घेतले. मोटारीत मात्र हे तत्त्व यायला विसावे शतक उजाडावे लागले. १९२१ च्या सुमारास अमेरिकेतल्या ड्यूसेनबर्ग मोटारीला चारही चाकांवर द्रवाचे ब्रेक मिळाले.

आता थोडे आकडे मांडू. समजा, पायाचा जोर २० किलोग्रॅम वजनाएवढा आहे आणि पेडलची तरफ तो पाचपट करते. म्हणजे दट्ट्यावर १०० किलोग्रॅम भार आला. दट्ट्याचा व्यास २ सेंमी धरला, तर क्षेत्रफळ ३.१४ चौरस सेंमी. भागाकार केला की दर चौरस सेंमीला सुमारे ३२ किलोग्रॅम, म्हणजे वातावरणाच्या दाबाच्या सुमारे ३१ पट दाब मिळतो. (आजच्या मोटारीत पायाच्या मदतीला बूस्टर असतो, तो येथे सोडून दिला आहे.)

एक घन सेंमी हवेची किंमत

एवढा दाब आला तरी द्रव फारसा आकसत नाही. या दाबाला ब्रेकचा द्रव त्याच्या आकारमानाच्या जेमतेम सहाशेव्या भागाने कमी होतो. नळ्यांत आणि सिलिंडरांत मिळून १०० घन सेंमी द्रव आहे असे मानले, तर घट होते सुमारे एक-षष्ठांश घन सेंमी.

आता त्याच नळीत लहान गोटीएवढा, १ घन सेंमीचा हवेचा बुडबुडा अडकला आहे असे समजा. आधी त्याच्यावर वातावरणाचा एकपट दाब होता; पेडल दाबल्यावर तो एकूण ३२ पट झाला. बॉइलच्या नियमानुसार बुडबुड्याचे आकारमान बत्तिसाव्या भागावर येते. म्हणजे ०.९७ घन सेंमी जागा रिकामी झाली. ती भरण्यासाठी मुख्य दट्ट्याला सुमारे ३ मिलिमीटर जादा सरकावे लागते. तरफ पाचपट असल्याने पाय मात्र दीड सेंमी जादा खाली जातो.

एकटा १ घन सेंमीचा बुडबुडा १०० घन सेंमी द्रवाच्या जवळजवळ सहापट आकसला! असे चार-पाच बुडबुडे असले तर पेडल गाडीच्या तळाला टेकते आणि चाकांपर्यंत पुरेसा दाब पोहोचतच नाही. चालकाची सारी ताकद बुडबुडे दाबण्यात खर्च होते. अशा वेळी पेडल स्पंजावर पाय ठेवल्यासारखे लागते. भराभर दोन-तीनदा दाबले तर टाकीतला आणखी द्रव आत येतो आणि पेडल थोडे वर येते. हीच ‘हवा धरल्याची’ खूण.

वर्गात करून पाहा

सुई नसलेल्या दोन पिचकाऱ्या (सिरिंज) घ्या, एक ५ मिलिलीटरची आणि एक २० मिलिलीटरची. त्या सलाइनच्या नळीच्या तुकड्याने जोडा. सर्व भाग पाण्यात बुडवून भरा, म्हणजे हवा राहणार नाही. एका विद्यार्थ्याने मोठ्या पिचकारीचा दट्ट्या घट्ट धरावा आणि दुसऱ्याने लहान दट्ट्या दाबावा. लहान दट्ट्या दाबणाऱ्याची सरशी होते, असे दिसेल. आता नळीत मुद्दाम १ मिलिलीटर हवा सोडा आणि पुन्हा दाबा. लहान दट्ट्या किती रेघा वाया जातो, ते मोजा. पाय स्पंजात रुतावा तसा अनुभव अंगठ्याला येईल. ही हवा पाण्याबरोबर बाहेर काढायची असेल, तर नळीचे कोणते टोक वर धरावे लागेल, हेही विद्यार्थ्यांना विचारा. पुढच्या भागाचे उत्तर त्यातच आहे.

हवा काढण्याची रीत आणि तिची कारणे

चाकाजवळच्या प्रत्येक सिलिंडरला किंवा कॅलिपरला एक लहान पोकळ स्क्रू असतो. मेकॅनिक त्याला निपल म्हणतात. तो त्या भागात सर्वांत वर बसवलेला असतो, कारण हलकी हवा तिथेच जमते. एक पाना, पारदर्शक नळी, बाटलीत थोडा नवा ब्रेक-द्रव आणि दोन माणसे एवढे असले की जुन्या, साध्या रचनेच्या गाडीची हवा घरच्या अंगणातही काढता येते.

गाडी सपाट जागी उभी करावी, इंजिन बंद ठेवावे आणि चाकांना दगड किंवा लाकडी ठोकळे लावावेत. निपलपर्यंत पोहोचण्यासाठी गाडी उचलावी लागलीच, तर नुसत्या जॅकच्या भरवशावर खाली शिरू नये. भक्कम आधार द्यावा. निपलला नळी लावून तिचे दुसरे टोक बाटलीतल्या द्रवात बुडवावे, म्हणजे नळीतून हवा मागे ओढली जाणार नाही. मग एकाने पेडल सावकाश दोन-तीनदा दाबून दाबलेलेच धरावे. दुसऱ्याने निपल अर्धा फेरा उघडावा. बुडबुडे आणि द्रव बाहेर येतात, पेडल खाली जाते. ते खाली असतानाच निपल बंद करावा आणि नंतरच पाय उचलावा. हा क्रम महत्त्वाचा आहे. निपल उघडा असताना पाय उचलला, तर मागे सरणारा दट्ट्या पिचकारीप्रमाणे बाहेरून हवा ओढून घेतो आणि केलेले काम उलटते. नळीत बुडबुडे दिसेनासे होईपर्यंत ही कृती करत राहावी.

तीन पथ्ये आणखी. पहिले, बॉनेटखालच्या टाकीतला द्रव तळाला जाऊ देऊ नये. टाकी रिकामी झाली तर वरूनच हवा आत जाते. दुसरे, जुन्या गाडीत पेडल पार तळापर्यंत दाबू नये, त्याखाली लाकडाचा तुकडा ठेवावा. सिलिंडरच्या एरवी न वापरल्या जाणाऱ्या भागात गंज आणि गाळ असतो. त्यावरून घासून रबरी वायसर फाटू शकतो. तिसरे, बाटलीत आलेला द्रव पुन्हा वापरू नये. कोणत्या चाकापासून सुरुवात करायची हे गाडीच्या पुस्तिकेत पाहावे. मुख्य सिलिंडरपासून सर्वांत दूरचे चाक आधी, ही जुनी रीत. पण आज अनेक गाड्यांत नळ्यांचे दोन स्वतंत्र मार्ग तिरपे जोडलेले असतात आणि क्रम बदलतो. चाके जाम होऊ न देणारी एबीएस यंत्रणा असलेल्या मोटारीत तिच्या झडपांमध्ये हवा अडकली, तर ती काढायला गॅरेजमधले संगणकी उपकरण लागते. तिथे घरगुती प्रयत्न पुरा पडत नाही.

काम झाल्यावर पेडल उंच आणि घट्ट लागले पाहिजे. पाय दाबून धरला असता ते हळूहळू खाली जाऊ लागले, तर दोष हवेचा नाही; कुठे तरी गळती आहे किंवा वायसर झिजला आहे. अशी गाडी रस्त्यावर काढू नये.

ब्रेक ऑइल हे तेल नव्हे

दुकानात आपण ‘ब्रेक ऑइल’ मागतो. ते खनिज तेल नसते. बहुतेक गाड्यांत ती ग्लायकॉल ईथर वर्गातल्या रसायनांची मिश्रणे असतात. यात चुकून इंजिन ऑइल ओतले तर रबरी वायसर फुगतात आणि ब्रेक निकामी होतात. हा द्रव रंगावर सांडला तर रंग उठतो, म्हणून तो लगेच भरपूर पाण्याने धुवावा. पाण्याने तो निघतो, कारण तो पाण्यात मिसळतो. हाच गुण त्याचा दोषही आहे.

वसईच्या मिठागरांतले खडेमीठ पावसाळ्यात पाझरते, हे तिथल्या प्रत्येक स्वयंपाकघराला ठाऊक आहे. मिठातले मॅग्नेशियम क्लोराइड हवेतली वाफ ओढून घेते. ब्रेकचा द्रवही तसाच आर्द्रताशोषक आहे. टाकीच्या झाकणातून आणि रबरी नळ्यांतून ओल हळूहळू आत झिरपते. किनाऱ्यावरच्या दमट हवेत तिला वावही भरपूर मिळतो.

या ओलीने काय बिघडते? अमेरिकी मानकांनुसार ‘डॉट ३’ प्रतीचा कोरा द्रव किमान २०५ अंश सेल्सियसपर्यंत उकळता कामा नये. त्यात ३.७ टक्के पाणी मिसळले की ही हमी १४० अंशांवर येते. ‘डॉट ४’ साठी हे आकडे २३० आणि १५५ आहेत. मग पाणी न शोषणारा द्रव का वापरत नाहीत? सिलिकोनचा तसा द्रव आहे. पण त्यात शिरलेले पाणी मिसळत नाही. थेंबाथेंबाने खालच्या जागी साचते, तिथे गंज चढवते आणि १०० अंशांच्या आसपास उकळते. शिवाय तो द्रव स्वतःच थोडा अधिक आकसतो.

थंड झाल्यावर नाहीसा होणारा बुडबुडा

खंडाळ्याहून बोरघाट उतरून खोपोलीला येताना गाडी सुमारे ५०० मीटर खाली येते. गाडी १,००० किलोग्रॅमची असेल तर १,००० × ९.८ × ५००, म्हणजे ४९ लाख ज्यूल ऊर्जा कुठे तरी गेली पाहिजे. ताशी ९० किलोमीटर वेगाची हीच गाडी थांबवताना तीन लाखांच्या थोडी वर ज्यूल ऊर्जा लागते. म्हणजे घाट उतरणे हे अशा सोळा वेळा थांबण्याएवढे झाले. ही सारी ऊर्जा ड्रम आणि चकत्यांच्या ३० किलोग्रॅम लोखंडात साठली, तर त्याचे तापमान साडेतीनशे अंशांहून अधिक वाढेल. प्रत्यक्षात वारा बरीच उष्णता नेतो. गिअर खालचा ठेवला तर इंजिनही मोठा वाटा उचलते. पण जो चालक वरच्या गिअरमध्ये, ब्रेकवर पाय ठेवूनच घाट उतरतो, त्याच्या चाकांजवळचा द्रव फार तापतो.

तो द्रव जुना आणि ओलसर असेल तर त्यात वाफेचे बुडबुडे होतात. वाफही हवेसारखीच दाबली जाते. पेडल अचानक खोल जाते, तेही घाटाच्या तळाशी, जेव्हा ब्रेकची गरज सर्वांत जास्त असते. आणि याहून फसवी गोष्ट पुढेच आहे. गाडी अर्धा-एक तास उभी राहिली की वाफ पुन्हा द्रव होते आणि पेडल पूर्ववत घट्ट लागते. दुसऱ्या दिवशी गॅरेजमध्ये दोष सापडत नाही, निपल उघडला तर बुडबुडा दिसत नाही. हवेचा बुडबुडा तपासणीपर्यंत थांबतो. वाफेचा थांबत नाही. तो काढता येत नाही, फक्त होऊ न देता येतो. त्यासाठी सगळा जुना द्रव काढून सीलबंद डब्यातला नवा भरावा लागतो. अनेक उत्पादक हे साधारण दर दोन वर्षांनी करायला सांगतात. हवा काढण्याचीच रीत चारही चाकांवर, नवा स्वच्छ द्रव येईपर्यंत केली की हे काम होते. तारीख टाकीजवळ चिठ्ठीवर लिहून ठेवावी.

पायाची साक्ष

आता सुरुवातीचा प्रश्न सोपा होतो. पाण्यातून आलेल्या गाडीचे पेडल नेहमीसारखेच घट्ट लागत असेल आणि तरी गाडी थांबत नसेल, तर नळ्यांतला द्रव दाब पोहोचवतो आहे. ओल्या ड्रमवर घर्षणच कमी पडले आहे. अशा वेळी मोकळ्या जागी सावकाश चालवत ब्रेक हलकेच दाबत राहिले की ते गरम होऊन वाळतात. तिथे हवा काढून उपयोग नाही. थंड गाडीतही पेडल स्पंजासारखे लागत असेल तर आत हवा आहे. ती काढावी आणि ती कुठून शिरली हेही शोधावे. आणि एरवी घट्ट असलेले पेडल फक्त घाटात मऊ पडले असेल, तर गाडी सुरक्षित जागी थांबवून थंड होऊ द्यावी आणि घरी आल्यावर ते ‘बरे झाले’ म्हणून सोडून देऊ नये. सुटीत सहलीला निघणाऱ्या पालकांना ही एवढी गोष्ट विद्यार्थ्यांनी सांगितली, तरी पास्कलचा धडा घरापर्यंत पोहोचला म्हणायचा.