चौकटीबाहेर काय ठेवायचं?

युद्धावरचा माहितीपट पाहिल्यावर आपल्या लक्षात राहतं ते दिग्दर्शकाचं नाव. पण रडणाऱ्या बाईपासून किती अंतरावर थांबायचं, हे त्या क्षणी कॅमेरा धरणाऱ्यालाच ठरवावं लागतं. अमेरिकेच्या कर्स्टन जॉन्सन यांनी बोस्निया, दारफूर, लायबेरिया, येमेन, अफगाणिस्तान अशा ठिकाणी वर्षानुवर्षं हेच केलं. पॅरिसच्या ‘ला फेमिस’ या चित्रपटशाळेत शिकलेल्या जॉन्सन यांचा ‘सिटिझनफोर’ या माहितीपटाच्या छायाचित्रणातही वाटा आहे.

बोस्नियातल्या फोचा गावात 1992 साली मुस्लिम बायकांना कोंडून त्यांच्यावर बलात्कार झाले. या प्रकरणी हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणानं 2001 मध्ये तिघांना दोषी ठरवलं आणि लैंगिक गुलामी हा मानवतेविरुद्धचा गुन्हा मानला. साक्ष देणाऱ्यांचे चेहरे दाखवणं म्हणजे त्यांचा जीव धोक्यात घालणं. मग या खटल्यावरच्या माहितीपटासाठी चित्रित काय करायचं? जॉन्सन यांनी जागा टिपल्या. जिथं बायकांना डांबलं होतं ती सभागृहं, मोटेल, आसपासची हिरवी कुरणं. बाहेरून बघितलं तर त्या भिंतींवर काहीच दिसत नाही, आणि तेच अंगावर येतं. रक्ताचं एकही दृश्य न दाखवता अत्याचाराची इतकी थेट जाणीव करून देणारं छायाचित्रण मी क्वचितच पाहिलं आहे.

काबूलमध्ये एका डोळ्यानं अधू झालेला मुलगा आपल्या भावाचा मृत्यू सांगतो. भाषा कळत नसूनही जॉन्सन यांना रडू आवरत नाही. कॅमेरा मात्र सुरूच राहतो. तो बंद करायला हवा होता का? मला वाटतं, नाही. मुलाला सांगायचं होतं.

तिथल्याच एका तरुण मुलीच्या बाबतीत मात्र उलट घडलं. स्वतःचं चित्रण पाहिल्यावर, ते जगासमोर आलं तर आपण सुरक्षित राहणार नाही, असं तिला वाटलं. जॉन्सन यांनी तिचा निर्णय मान्य केला आणि हातातला चित्रपट बाजूला ठेवला. त्यानंतर, पूर्वी इतरांसाठी टिपलेल्या दृश्यांमधून उभा राहिला ‘कॅमेरापर्सन’ (2016). एरवी संकलनात कापलं जाणारं सगळं त्यात शिल्लक आहे: भिंगासमोरचं गवत उपटणारा हात, शिंक आल्यावर हादरलेली चौकट, कॅमेऱ्यामागून येणारा आवाज. बोस्नियात ज्या मेंढपाळ कुटुंबाचं चित्रण केलं होतं, त्यांच्याकडे जॉन्सन काही वर्षांनी पुन्हा गेल्या, ते चित्रण घेऊन. त्यांनीही ते पाहावं म्हणून.