पणजीतील नाताळ : एक पायी फेरी

मराठी घरांत ‘नाताळ’ हा शब्द इतका रुळला आहे की, तो परक्या मुलुखातून आला याची सहसा कोणाला आठवण होत नाही. बेळगावच्या शाळेला नाताळची सुटी असते, इंदूरच्या बाजारात नाताळचा केक मिळतो, आणि बोलणाऱ्याचा धर्म कोणताही असला तरी शब्द तोच असतो. हा शब्द पोर्तुगीज आहे. त्याच्या लॅटिन मुळाचा अर्थ ‘जन्मासंबंधीचा’. पाव, काजू, पगार, चावी या शब्दांच्या सोबतीने तो गोव्याच्या किनाऱ्याला लागला आणि मराठीत मिसळून गेला.

शब्द मिसळला, तसा सणही मिसळला काय? या प्रश्नाचे उत्तर ज्याला डोळ्यांनी पाहावयाचे असेल, त्याने डिसेंबर महिन्यात पणजी शहरातून पायी फिरावे. शहराची माहिती सांगत लहान लहान तुकड्यांना हिंडविणारे मार्गदर्शक हल्ली तेथे आहेत, आणि नाताळच्या दिवसांत या फेऱ्यांना विशेष रंगत येते. अंतर फार नाही. दुपारी चारच्या सुमारास बाजारातून निघालेला मनुष्य रमतगमत चालला, तरी दिवे लागणीच्या वेळी फोंतेन्हासच्या गल्ल्यांत पोहोचतो.

नाताळची फेरी बाजारातून सुरू करण्याचे कारण असे की, गोव्यात हा सण प्रथम स्वयंपाकघरात येतो. डिसेंबर लागला की नारळ, तांदळाचे पीठ, रवा आणि माडाचा काळसर गूळ यांची खरेदी वाढते. या चार जिनसांतून नाताळचा बहुतेक फराळ तयार होतो. तांदळाचे पीठ, नारळाचे दूध आणि माडाचा गूळ एकत्र करून तासन् तास घोटले म्हणजे दोदोल होते. याच नावाचा पदार्थ मलाया आणि जावा या प्रदेशांतही आहे. समुद्रमार्गांनी जोडलेल्या मुलुखांची ही खूण होय. नारळ आणि रवा यांची बोलिन्हा होते; चण्याची डाळ व नारळ यांचे दोस होते. पिठाच्या छोट्या गोळ्या काट्यावर किंवा कोऱ्या फणीच्या दात्यांवर वळून कुलकुल करतात. हे काम एकट्या बाईचे नव्हे; घरातील मुले, म्हातारी माणसे, शेजारणी सर्वजण भोवती बसतात.

बेबिंकचा मान सर्वांत मोठा. अंड्याचा पिवळा बलक, नारळाचे दूध, साखर, पीठ आणि तूप यांचा हा थरांचा पदार्थ आहे. एक थर ओतावयाचा, वरच्या झाकणावर नारळाच्या सोडणांचे निखारे ठेवून तो भाजावयाचा, त्यावर तूप सोडावयाचे आणि मगच दुसरा थर ओतावयाचा. निदान सात थर तरी हवेतच, असा संकेत आहे. म्हणजे बेबिंक करणाऱ्या बाईचा अर्धा दिवस चुलीपाशीच जातो.

परंतु मराठी मनुष्य ज्या पदार्थापाशी थबकेल तो वेगळाच. त्याचे नाव नेवरी. खोबरे वा सारण भरून, कडा मुरडून तळलेली ही नेवरी म्हणजे आपली करंजीच. गोव्यातील हिंदू घरांत ती चवथीला, म्हणजे गणेशचतुर्थीला होते आणि ख्रिस्ती घरांत नाताळला. धर्म बदलला तेव्हा देव्हारा बदलला, नाव बदलले, पोशाखही पुष्कळांचा बदलला. करंजीची मुरड मात्र आजीकडून नातीकडे जशीच्या तशी येत राहिली.

बाजारातून पूर्वेकडे चालत गेले म्हणजे चौकाच्या वर, नागमोडी पायऱ्यांच्या माथ्यावर, निष्कलंक गर्भसंभव मातेचे शुभ्र चर्च दिसते. येथे १५४१ च्या सुमारास एक लहान प्रार्थनामंदिर होते. १६१९ मध्ये त्याची मोठी वास्तू झाली. तेव्हा पणजी हे बंदरावरील लहानसे गाव होते, राजधानी जुने गोवे येथे होती. रोगराईने जुने गोवे ओस पडू लागल्यावर १७५९ मध्ये व्हाइसरॉय पणजीतील आदिलशहाच्या वाड्यात राहावयास आला आणि १८४३ मध्ये पणजी रीतसर राजधानी झाली. चर्चची थोरली घंटाही जुन्या गोव्याची. ऑगस्टिनियन साधूंच्या पडक्या मठातील ही घंटा १८७१ मध्ये येथे चढविण्यात आली.

या चर्चची जत्रा ८ डिसेंबरला भरते आणि तिच्या पाठोपाठ नाताळची तयारी लागते. चर्चमध्ये आणि घराघरांत गोठा मांडतात. येशूचा जन्म गोठ्यात झाला हा प्रसंग देखाव्याच्या रूपाने मांडण्याची चाल संत फ्रान्सिस आसीसीकर यांच्याशी जोडलेली आहे. त्यांनी इटलीतील ग्रेच्चो या खेड्यात १२२३ मध्ये असा देखावा उभा केला. गोव्यातील गोठ्याला मात्र इथलीच माती लागते. लाल माती, गवताचे छप्पर, एखादी विहीर, माडाची झाडे आणि शेत. शेतासाठी काही दिवस आधी पसरट भांड्यात नाचणी किंवा गहू पेरतात, म्हणजे नाताळपर्यंत हिरवे कोंब वर येतात. नवरात्रात घटाभोवती धान्य रुजत घालणाऱ्या मराठी गृहिणीला हे कोंब निराळे समजावून सांगावे लागणार नाहीत.

चोवीस तारखेच्या रात्रीच्या उपासनेला पोर्तुगीजांत ‘कोंबड्याचा मिस्सा’ असे नाव आहे. ख्रिस्तजन्माच्या रात्री कोंबडा मध्यरात्रीच आरवला, अशी त्यामागची लोककथा. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेपर्यंत, म्हणजे १९६०-७० च्या दशकापर्यंत, हा मिस्सा लॅटिन भाषेत होई. पुढे तो लोकांच्या भाषेत होऊ लागला. परंतु ख्रिस्तजन्माची कथा लोकांच्या भाषेत त्यापूर्वीच फार दिवस पोहोचली होती. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज जेज्वीट १५७९ मध्ये गोव्यास आले, येथील भाषा शिकले आणि त्यांनी मराठी ओवीत ‘क्रिस्तपुराण’ रचले. १६१६ मध्ये ते साष्टीतील रायतूर येथे छापले गेले. परदेशी धर्मगुरूने ख्रिस्ताचे चरित्र सांगण्यासाठी संतांचा छंद निवडावा, ही गोष्ट मराठी वाचकाने विसरण्यासारखी नाही.

येथून वाट टेकडीला वळसा घालून फोंतेन्हासकडे उतरते. आल्तिनो टेकडीच्या पायथ्याशी असलेल्या झऱ्यावरून या वस्तीला हे नाव पडले. निळी, पिवळी, तांबडी घरे, मंगळुरी कौले, दाराशी बसावयाचे बलकांव, कोठे कोठे शिंपल्यांच्या पापुद्र्यांची जुनी खिडकी. शुभ्र रंग चर्चसाठी राखून ठेवावा आणि घराला रंग द्यावा, अशी येथली जुनी चाल सांगतात. येथे मार्गदर्शक आवाज खाली आणावयास सांगतो, आणि ते योग्यच आहे. फोंतेन्हास हे प्रदर्शन नव्हे. या दारांआड माणसे राहतात. कोणाच्या पायरीवर चढून छायाचित्रे काढणाऱ्या प्रवाशांचा रहिवाशांना किती उपद्रव होतो, हे तेथील दारांवर लावलेल्या विनंतीच्या पाट्याच सांगतात.

वस्तीच्या टोकाला संत सेबास्तियनचे लहानसे प्रार्थनामंदिर आहे. आतील क्रूसावरचा ख्रिस्त पाहून नवखा मनुष्य क्षणभर चमकतो. ख्रिस्ताची मान नेहमी खाली झुकलेली असते; येथे ती ताठ आहे आणि डोळे उघडे आहेत. हा क्रूस पूर्वी जुन्या गोव्यात, इन्क्विझिशनच्या म्हणजे धर्मसमीक्षण सभेच्या वाड्यात होता. पुढे तो पणजीच्या राजवाड्यात आला आणि १९१८ पासून येथे आहे. चौकशीसाठी उभ्या केलेल्या माणसाला धाक बसावा म्हणून हे डोळे उघडे ठेवले, असे परंपरेने सांगितले जाते.

सणाच्या फेरीत हा विषय काढणे काहींना अप्रशस्त वाटेल. परंतु तो टाळला तर बाजारात पाहिलेल्या नेवरीचा अर्थच कळत नाही. गोव्यातील इन्क्विझिशन १५६० मध्ये सुरू झाले आणि मधली चार वर्षे सोडली तर १८१२ पर्यंत चालले. धर्मांतरित माणसाने जुन्या चालीरीतींशी संबंध ठेवू नये, यावर त्याची करडी नजर असे. १६८४ मध्ये सरकारने फर्मान काढले की, लोकांनी तीन वर्षांच्या आत आपली बोली सोडून पोर्तुगीज बोलावे. १७३६ च्या इन्क्विझिशनच्या जाहीरनाम्यात तर घरातील बारीकसारीक गोष्टींची यादीच होती : अंगणात तुळस लावू नये, भात मिठावाचून शिजवू नये, लग्नात हळद लावू नये, अमुक गाणी म्हणू नयेत. सत्तेला भीती होती ती नेमकी या गोष्टींची. कारण चूल, अंगण आणि गाणे एक असेल तर शेजार तुटत नाही, हे ती ओळखून होती.

एवढे होऊनही बोली गेली नाही. गोव्याचा ख्रिस्ती मनुष्य आज कोकणीतच प्रार्थना करतो. हळदीला बंदी झाली, तरी ख्रिस्ती लग्नात वधूवरांना नारळाचा रस लावण्याचा विधी अजून होतो. इन्क्विझिशन उठल्यावर सहाच वर्षांनी, १८१८ मध्ये, पणजीत महालक्ष्मीचे देऊळ उभे राहिले. बाजाराकडून चर्चकडे येताना थोडी वाट वाकडी केली तर ते सहज पाहता येते. मोठ्या चर्चपासून ते काही मिनिटांच्या अंतरावर आहे.

अंधार पडू लागला म्हणजे गल्लीत एकेक तारा उजळू लागतो. बेथलेहेमचा मार्ग दाखविणाऱ्या ताऱ्याची ही आठवण. कोकणीत त्याला ‘नखेत्र’ म्हणतात. आपले ‘नक्षत्र’च ते. कामट्या आणि कागद यांचा हा कंदील दिवाळीच्या आकाशकंदिलाचा सख्खा भाऊ शोभतो.

याच सुमारास, नाताळच्या दोनचार दिवस अलीकडे पलीकडे, फोंतेन्हासच्या गल्लीतून एखादी बाई वा मुलगा विणलेल्या रुमालाने झाकलेले ताट घेऊन जाताना दिसतो. या ताटाला ‘कोंसुआद’ म्हणतात. पोर्तुगालमध्ये या शब्दाचा अर्थ नाताळच्या आदल्या रात्रीचे जेवण असा आहे. तेथे कुटुंब एका मेजाभोवती बसते. गोव्यात हाच शब्द शेजाऱ्याकडे पाठवावयाच्या फराळाला लागू झाला. ताटात नेवरी, दोदोल, बेबिंकची एक चकती, थोडे कुलकुल. ते ख्रिस्ती शेजाऱ्याकडे जाते तसे हिंदू शेजाऱ्याकडेही जाते. चवथीला आणि दिवाळीला तिकडून फराळ आलेला असतो, त्याची आठवण ठेवून जाते. ज्या घरात वर्षभरात मृत्यू घडला असेल, तेथे गोडधोड होत नाही. अशा घरी शेजाऱ्यांचे ताट आवर्जून पोहोचते. सुतकाच्या वर्षी आपल्याकडेही हेच घडते.

ही चाल आता पूर्वीइतकी बळकट राहिलेली नाही. मुले परदेशी गेली, पुष्कळ जुनी घरे बंद पडली किंवा प्रवाशांच्या मुक्कामासाठी दिली गेली. बेबिंक दुकानात तयार मिळते. अर्धा दिवस चुलीपाशी बसण्याची कोणाला सवड नाही. यात दोष कोणाचा नाही, आणि विकतच्या बेबिंकनेही ताट भरता येते. मात्र शेजारच्या दारापर्यंत ते घेऊन कोणी तरी चालत गेले पाहिजे. अडीचशे वर्षांच्या धाकाला जे मोडता आले नाही, ते केवळ आळसाने मोडावे, ही गोष्ट खचित शोभणारी नाही.

पायी फेरी ओरेमच्या खाडीपाशी संपते. प्रवासी मंडळी निरोप घेतात आणि आपापल्या मुक्कामी जातात. गल्लीत मात्र अजून दारे उघडी असतात. दिलेली ताटे परत यावयाची असतात, आणि मराठी घरांप्रमाणे येथेही रिकामे ताट परत धाडणे बरे मानीत नाहीत.