नाकावरची नूडल आणि जर्मन सभ्यता

इटालियन रेस्तराँत एक गृहस्थ हिल्डेगार्डला मागणी घालायच्या बेताने बसले आहेत. जेवण झालं, त्यांनी नॅपकिनने तोंड पुसलं आणि नूडलचा एक बारीकसा तुकडा चेहऱ्याला चिकटला. हिल्डेगार्ड सांगू पाहते, पण गृहस्थ तिला बोलूच देत नाहीत. त्यांना वाटतं, बाईंना भरून आलंय! आपली नोकरी, आपलं गांभीर्य, दोघांचं भविष्य, सगळं ते ऐकवत राहतात. तुकडा मात्र चेहऱ्यावर मुक्काम बदलत हिंडतो. अखेर तो कॉफीच्या कपात सापडतो, तेव्हा साहेब हॉटेलवाल्यांवरच उखडतात.

पश्चिम जर्मनीच्या टीव्हीवर १९७७ साली दिसलेलं 'डी नूडेल' हे जेमतेम काही मिनिटांचं प्रहसन. लेखक आणि नायक एकच, लोरिओ. खरं नाव विक्को फॉन ब्यूलो. जुन्या प्रशियन सरदार घराण्यातला हा माणूस महायुद्धात रशियन आघाडीवर अधिकारी होता आणि पुढे बटाट्यासारख्या नाकाच्या माणसांची व्यंगचित्रं काढून गाजला. रेडिओ ब्रेमेनसाठी त्याने १९७६ ते १९७८ या काळात 'लोरिओ' मालिकेचे सहा भाग केले. 'नूडल' त्यातलंच.

त्याची पात्रं बावळट नसतात, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. ती शिकलेली, नीटनेटकी, शिष्टाचार पाळणारी माणसं असतात आणि त्या शिष्टाचारातच अडकतात. त्याच्या एका व्यंगचित्रपटात दोन गृहस्थ हॉटेलच्या एकाच टबात उघडेवाघडे बसलेले आहेत. एक म्यूलर-ल्यूडेनशाइट, दुसरे डॉक्टर क्लोबनर. पाणी सोडायचं की नाही, रबरी बदक टबात येणार की नाही, यावर कडाक्याचं भांडण. पण अंगावर कपडा नसतानाही 'अहो' आणि 'डॉक्टर' सुटत नाही. दुसरीकडे एक नवरा न्याहारीचं अंडं कडक का झालं, एवढंच विचारतो आणि बघता बघता अख्खा संसार चव्हाट्यावर येतो. (हे जर्मनच असायला हवं असं काही नाही, म्हणा!)

'नूडल'मधली हिल्डेगार्ड म्हणजे अभिनेत्री एव्हलिन हामान. हसू दाबून धरण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. हामान २००७ मध्ये गेली, लोरिओ २०११ मध्ये. जर्मन येत नसेल तरी 'नूडल' जरूर बघा. फक्त त्या तुकड्याकडे कमी आणि हामानच्या डोळ्यांकडे जास्त लक्ष द्या.