खेळ का अडखळतो?

संगणकावर 'माइनक्राफ्ट' खेळताना तुमच्यापैकी पुष्कळांना हा अनुभव आला असेल. डोंगर चढून तुम्ही पलीकडच्या दरीत उतरत आहात. सारे सुरळीत चालले आहे. एवढ्यात पडद्यावरचे चित्र क्षणभर गोठते आणि पुन्हा चालू होते. दहा-बारा सेकंदांनी पुन्हा तेच! अशा वेळी दोन सल्ले हमखास मिळतात. एक जण म्हणतो, "संगणक जुना झाला, नवा घ्या." दुसरा म्हणतो, "खेळाला मेमरी वाढवून द्या. जितकी जास्त तितकी चांगली." पहिला सल्ला घरच्यांच्या खिशाला जड आहे. दुसरा फुकट आहे, पण अर्धाच खरा आहे. तो अर्धाच का खरा, आणि आपल्या संगणकापुरते पूर्ण सत्य कसे शोधायचे, हे आज पाहू. त्यासाठी थोडे अंकगणित, थोडे पदार्थविज्ञान आणि एक साखर कारखाना एवढी सामग्री पुरे.

कामाची जागा

संगणकात माहिती ठेवण्याच्या जागा मुख्यतः दोन. एक म्हणजे चकती अथवा एसएसडी. वीज गेली तरी तिथली माहिती टिकते. दुसरी म्हणजे रॅम, म्हणजेच आपण ज्याला नुसते 'मेमरी' म्हणतो ती. चालू कामाला लागणारे सारे या रॅममध्ये मांडलेले असते. वीज गेली की ती कोरी होते.

मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत तयार झालेला 'टिफ्रॅक' हा संगणक १९६० मध्ये कार्यान्वित झाला. त्याच्या स्मृतीत २,०४८ शब्द मावत आणि प्रत्येक शब्द ४० बिटांचा असे. गुणाकार करा: ८१,९२० बिट. ८ बिटांचा एक बाइट, म्हणजे झाले १०,२४० बाइट. एवढ्या स्मृतीवर शास्त्रज्ञ गणिते सोडवीत. आज माइनक्राफ्टला आपण २ जीबी मेमरी देतो ती याच्या सुमारे दोन लाख पट आहे, आणि तरीही खेळ अडखळतो! एवढी जागा जाते तरी कुठे?

माइनक्राफ्टचे जग ठोकळ्यांचे आहे. जगाचा एक तुकडा १६ ठोकळे लांब, १६ रुंद आणि, २०२१ पासूनच्या आवृत्त्यांत, ३८४ उंच असतो. म्हणजे एका तुकड्यात ९८,३०४ ठोकळे. तुम्ही 'दिसण्याचे अंतर' १२ ठेवले, तर तुमच्या चारी दिशांना बारा-बारा तुकडे आणि मधला एक, म्हणजे २५ गुणिले २५, असे ६२५ तुकडे मेमरीत ठेवावे लागतात. ठोकळे झाले ६,१४,४०,०००. एका ठोकळ्याला एक बाइट धरला तरी ही सारी मिळून साठ-पासष्ट एमबी झाली. त्यात चित्रे, आवाज, प्राणी आणि पडद्यावर रेखाटण्यासाठी तयार ठेवलेल्या आकृत्या मिळवा. जागा बरीच लागते खरी, पण अडखळण्याचे खरे कारण याहून वेगळे आहे. ते समजण्यासाठी आता कारखान्यात चला.

आवारातल्या रिकाम्या गाड्या

आपल्या अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर जिल्ह्यातल्या मुलांना साखर कारखान्याची ओळख करून द्यायला नको. महाराष्ट्रातला पहिला सहकारी साखर कारखाना याच जिल्ह्यात, प्रवरानगरला उभा राहिला. गळीत हंगामात कारखान्याच्या आवारात काय चालते ते तुम्ही पाहिलेच असेल. उसाने भरलेल्या गाड्या आणि ट्रॉल्या वजनकाट्यावरून आत येतात, गव्हाणीपाशी रिकाम्या होतात आणि पुन्हा बाहेर पडतात. गव्हाणीत ऊस सतत पडत राहिला पाहिजे. तो थांबला की गाळप थांबले.

आता मनाशी एक विचित्र कारखाना उभा करा. इथे रिकामी झालेली गाडी आपणहून बाहेर जात नाही. जिथल्या तिथे उभी राहते. हळूहळू आवार रिकाम्या गाड्यांनी भरून जाते. मग मुकादम शिट्टी वाजवतो, सारे काम थांबवतो, कोणत्या गाड्यांत अजून ऊस आहे ते पाहून त्यांवर खूण करतो आणि बिनखुणेच्या साऱ्या गाड्या बाहेर काढतो. तेवढा वेळ गव्हाण रिकामी! मग पुन्हा शिट्टी आणि पुन्हा काम सुरू.

माइनक्राफ्टची संगणकावरची मूळ आवृत्ती नेमकी अशी चालते. मार्कस पेर्सन या स्वीडिश प्रोग्रामरने २००९ मध्ये हा खेळ लोकांपुढे आणला तो 'जावा' या भाषेत लिहून. खेळ चालू असताना क्षणोक्षणी असंख्य बारीकसारीक गोष्टी मेमरीत मांडल्या जातात: बाण आता कुठे आहे, गाय कोणत्या दिशेला वळली, सूर्य किती कलला. यांतल्या बहुतेकांचे काम सेकंदाच्या लहानशा भागात संपते. त्या झाल्या आपल्या रिकाम्या गाड्या. जावामध्ये त्या हलवण्याचे काम प्रोग्राम लिहिणाऱ्याला करावे लागत नाही. त्यासाठी एक स्वतंत्र मुकादम असतो. त्याला कचरावेचक म्हणू. ही कल्पना जॉन मॅकार्थी या अमेरिकन शास्त्रज्ञाने 'लिस्प' या भाषेसाठी काढली आणि १९६० मध्ये प्रसिद्ध केली. म्हणजे टिफ्रॅक आणि कचरावेचक हे एकाच वयाचे!

आजचे कचरावेचक पुष्कळ हुशार आहेत. नुकत्याच आलेल्या गाड्याच लवकर रिकाम्या होतात हे ओळखून ते आधी तेवढाच भाग झाडतात, आणि पुष्कळसे काम खेळ चालू असतानाच उरकतात. तरी थोडा वेळ सारे थांबवावेच लागते. ते थांबणे म्हणजेच पडद्यावरचे गोठणे.

सरासरीने फसू नका

पडद्यावर दर सेकंदाला ६० चित्रे उमटत असतील, तर एका चित्राला सुमारे १६.७ मिलिसेकंद मिळतात. समजा, झाडलोटीला २०० मिलिसेकंद लागले. तेवढ्यात १२ चित्रे बुडाली. त्या सेकंदात ६० ऐवजी ४८ चित्रे दिसली. ४८ हा आकडा काही वाईट नाही. पण ती बाराही चित्रे लागोपाठ बुडाल्यामुळे डोळ्याला धक्का बसतो. म्हणून खेळाची चाल केवळ सरासरीवरून ठरवू नये. सर्वांत लांब खंड किती वेळाचा होता आणि तो किती वेळा पडला, हे पाहावे.

आता मेमरी वाढवल्याने काय होते? समजा, खेळ दर सेकंदाला १०० एमबी टाकाऊ माल निर्माण करतो. कामाच्या गोष्टी वगळून मोकळी जागा ५०० एमबी असेल, तर ५ सेकंदांत ती भरेल आणि मुकादमाची शिट्टी वाजेल. मोकळी जागा १,५०० एमबी केली, तर शिट्टी १५ सेकंदांनी वाजेल. शिवाय मुकादमाचा वेळ मुख्यतः भरलेल्या गाड्यांवर खुणा करण्यात जातो आणि भरलेल्या गाड्या तर तेवढ्याच आहेत. म्हणजे थांबणे तेवढेच, पण तिपटीने विरळ. "मेमरी वाढवा" या सल्ल्यातला खरा अर्धा भाग तो हा.

मग सगळीच का देऊ नये?

कारण आवाराच्या भिंतीबाहेर गाव आहे. कारखान्याने आवार वाढवता वाढवता बाजारतळ आणि रस्ताही घेतला, तर गावचे व्यवहार अडतील आणि शेवटी उसाच्या गाड्यांनाही आत यायला वाट उरणार नाही. तुमच्या संगणकात ४ जीबी रॅम आहे असे धरा. त्यात विंडोज चालले पाहिजे, विषाणूंपासून रक्षण करणारा प्रोग्राम चालला पाहिजे. वेगळे ग्राफिक्स कार्ड नसेल, तर चित्रे रेखाटणारा भागही याच रॅममधून वाटा उचलतो. त्यातून खेळाला ३ जीबी देऊन टाकले, तर बाकीच्यांना जागा पुरत नाही. मग विंडोज एक तडजोड करते. रॅममधली काही पाने उचलून चकतीवर ठेवते आणि लागतील तेव्हा परत आणते.

ही तडजोड किती महाग पडते ते मोजू. लॅपटॉपमधली जुनी चकती मिनिटाला ५,४०० फेरे घेते. एका फेऱ्याला ११.१ मिलिसेकंद. हवी ती जागा वाचकाखाली येण्यासाठी सरासरी अर्धा फेरा, म्हणजे साडेपाच मिलिसेकंद वाट पाहावी लागते. वाचक योग्य वर्तुळावर सरकायला आणखी दहाएक मिलिसेकंद धरा. एकूण सुमारे १५ मिलिसेकंद. रॅममधून तीच माहिती साधारण १०० नॅनोसेकंदांत मिळते. भागाकार करा: दीड लाख! रॅमला एक सेकंद लागला असे मानले, तर चकतीला जवळजवळ पावणेदोन दिवस लागतील. चकतीऐवजी एसएसडी असेल तर फरक साधारण हजार पटींवर येतो. त्याच मापाने पाहता सतरा मिनिटे. कमी झाले, पण थोडे नव्हे. फिरणाऱ्या चकतीला याहून घाई करता येत नाही, कारण तिथे खरोखरीचे वस्तुमान हलवावे लागते. रॅममध्ये हलतो तो केवळ विद्युतभार.

म्हणजे मेमरी फार कमी दिली, तर मुकादम सारखी शिट्टी वाजवतो आणि फार जास्त दिली, तर गाव अडते. या दोहोंच्या मध्ये कुठेतरी तुमच्या संगणकाचा योग्य आकडा आहे. तो दुसऱ्याच्या संगणकावरून सांगता येत नाही. तो मोजूनच काढायचा.

करून पाहा

माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत खेळ सुरू करणाऱ्या खिडकीत, त्या आवृत्तीच्या मांडणीमध्ये, जावाला द्यायच्या सूचनांची एक ओळ असते. तीत वजाचे चिन्ह, मग मोठ्या लिपीतले एक्स, लहान लिपीतले एम व एक्स आणि त्याला लागून आकडा व जी हे अक्षर दिसेल. तो आकडा म्हणजे खेळाला मिळणारी जास्तीत जास्त जागा, जीबीमध्ये. अनेक वर्षे तो मुळात २ असे. मोबाइलवरची आवृत्ती वेगळ्या भाषेत लिहिलेली असल्याने तीत ही सोय नाही. बदल करण्यापूर्वी मूळची ओळ वहीत जशीच्या तशी उतरवून ठेवा. संगणक शाळेचा असेल, तर शिक्षकांना विचारल्याशिवाय हात लावू नका.

१. पहिला आकडा एकूण रॅमच्या निम्म्याहून जास्त घेऊ नका. ४ जीबी असतील तर २. दिलेल्या आकड्यापेक्षा खेळ प्रत्यक्षात थोडी अधिकच जागा घेतो, हे ध्यानात ठेवा.

२. बाकीचे सर्व प्रोग्राम बंद करा. एकाच जगात, एकाच वाटेने पाच मिनिटे चाला.

३. एफ-३ ही कळ दाबली की आकड्यांची गर्दी दिसते. तीत मेमरीची ओळ शोधा. आकडा चढत जातो आणि एकदम खाली येतो. त्याचा आलेख काढलात तर करवतीच्या दातांसारखा दिसेल. दर उतार म्हणजे एक झाडलोट. दोन उतारांमधले सेकंद मोजा.

४. घड्याळ घेतलेल्या मित्राला किंवा मैत्रिणीला चित्र किती वेळा गोठले ते टिपायला सांगा. प्रत्येक आकड्यासाठी तीन वेळा मोजा.

५. आता आकडा थोडा बदला. जीऐवजी एम लिहून १५३६ किंवा २५६० असेही देता येते. एका वेळी एकच गोष्ट बदला.

६. विंडोजचा टास्क मॅनेजर उघडून एकूण मेमरी किती भरली ते पाहा. ती काठोकाठ भरून चकतीचा वापर वाढू लागला, तर तुम्ही बाजारतळावर अतिक्रमण केले आहे. एक पायरी मागे या.

करवतीचे दात विरळच आहेत, मेमरीही मोकळी आहे आणि तरी खेळ मंद चालतो आहे, असे आढळले तर? मग दोष मेमरीच्या वाटणीत नाही. प्रोसेसर किंवा चित्रे रेखाटणारा भाग कमी पडतो आहे, आणि तिथे मेमरीचा आकडा कितीही वाढवला तरी उपयोग नाही. अशा वेळी 'दिसण्याचे अंतर' १२ वरून ८ करून पाहा. आता तुकडे उरतील १७ गुणिले १७, म्हणजे २८९. पूर्वी होते ६२५. अंतर एक तृतीयांशाने कमी झाले, पण काम निम्म्याहून खाली आले, कारण क्षेत्रफळ अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात बदलते. वर्गाचा हा नियम तुम्ही भूमितीत शिकला आहात.

हे सारे करूनही खेळ अडखळत राहिला, तर संगणकाचा नेमका कोणता भाग अपुरा आहे ते तुमच्या वहीत आकड्यांनिशी लिहिलेले असेल. मग घरी नवा संगणक मागण्याऐवजी ४ जीबीची आणखी एक रॅमपट्टी पुरेल का, जुन्या चकतीच्या जागी एसएसडी बसवता येईल का, असा नेमका प्रश्न तुम्हाला विचारता येईल. वही उघडा, तीन रकाने आखा: दिलेली मेमरी, दोन झाडलोटींमधले सेकंद आणि गोठण्याची संख्या. पहिली नोंद मूळच्या आकड्याचीच घ्या.