कर्नाकचं जलघड्याळ

प्राचीन इजिप्तच्या मंदिरांत रात्रीचे तास पाण्यावर मोजत. कर्नाकच्या मंदिर परिसरात १९०४ साली तुकड्यांत सापडलेलं अलाबास्टरचं पात्र राजा आमेनहोतेप तिसऱ्याच्या काळातलं, म्हणजे सुमारे ३,४०० वर्षांपूर्वीचं. पाणी तळाजवळच्या बारीक छिद्रातून ठिबकायचं. पातळी उतरली की दाब घटतो, धार मंदावते. म्हणून पात्र खाली निमुळतं ठेवलेलं. केवढी ही जाण! आतल्या बाजूला खुणांच्या बारा रांगा, दर महिन्याची वेगळी, कारण रात्रीचे तास कायम बाराच, लांबी मात्र ऋतूप्रमाणे बदलणारी. बाहेरून तारे आणि देवता कोरलेल्या. आपल्या लग्नमुहूर्ताचं घटिकापात्र याच्या उलट चालतं: छिद्रातून पाणी आत शिरतं आणि २४ मिनिटांनी वाटी बुडते.