दाखल्यावरचा एक रकाना



आठवीचा निकाल लागला. पेढे वाटून झाले, आजीच्या पाया पडून झालं. आता शाळेतून तुमच्या हाती एक कागद येईल. त्याचं नाव 'शाळा सोडल्याचा दाखला'. ज्यांची शाळा सातवीपर्यंतच आहे, त्यांना तो एक वर्ष आधीच मिळतो. बाबा त्याची घडी करून खिशात ठेवतील. पण त्याआधी तुम्ही स्वतः तो एकदा नीट वाचा बरं का!

तुमचं नाव, आईचं नाव, आडनाव, जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, सगळं पाहा. एखादी वेलांटी चुकली असेल, तर लगेच गुरुजींना किंवा बाईंना सांगा. पुढे दहावीच्या फॉर्मवर हेच नाव आणि हीच तारीख जाते. मग एका वेलांटीपायी किती हेलपाटे पडतात, ते मोठ्या भावाला विचारा.

वाचत वाचत खाली या. 'वर्तणूक' असा एक रकाना दिसेल. तिथे बहुधा 'चांगली' असंच लिहिलेलं असतं. मधल्या सुट्टीत चिंचेच्या झाडावर चढणाऱ्यांच्या दाखल्यावरसुद्धा! आणि जवळच आणखी एक रकाना असतो, 'शाळा सोडण्याचे कारण'. त्यात लिहितात, 'पुढील शिक्षणासाठी'.

गंमत बघा. कागदाचं नाव शाळा सोडल्याचं, आणि काम मात्र नव्या शाळेत नाव घालण्याचं! घरात जपून ठेवायला नव्हे, तर पुढच्या शाळेत नेऊन द्यायला हा दाखला असतो.

पण खरं सांगू? दरवर्षी काही दाखले पुढच्या शाळेपर्यंत पोचतच नाहीत. ते पत्र्याच्या पेटीत, रेशनकार्डाच्या खाली पडून राहतात. कुणाचं हायस्कूल पाच-सहा किलोमीटरवर असतं आणि मध्ये ओढा असतो. कुणाचे आईबाबा ऊसतोडीला जातात. कुणाला धाकटी भावंडं सांभाळायची असतात. एखाद्या मुलीच्या घरी 'आता शिकून काय करायचंय?' अशी कुजबुज सुरू होते. 'नाव काढा' असं उघड कुणी म्हणत नाही. म्हणतात काय, तर 'यंदा राहू दे, पुढच्या वर्षी बघू.' आणि ते पुढचं वर्ष काही उगवत नाही.

आतापर्यंत कायदा तुमच्या पाठीशी होता. २००९ साली शिक्षण हक्काचा कायदा झाला आणि १ एप्रिल २०१० पासून तो लागू झाला. सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलामुलीला आठवीपर्यंतचं शिक्षण मोफत आणि सक्तीचं, असं तो सांगतो. म्हणून तर तुम्ही चार दिवस दिसला नाहीत, की गुरुजी दारात येऊन हाक मारत. नववीपासून ती सक्ती नाही. आता शाळेत जायचं ते तुम्ही आणि तुमच्या घरच्यांनी ठरवलं म्हणून. दाखल्यावरचं कारण खरं करणं आता तुमच्या हाती आहे.

अशाच वयात अडलेल्या दोन मुलांच्या गोष्टी सांगते.

पहिला मुलगा पुण्याचा. जन्म १८२७ चा. वडिलांचा फुलांचा धंदा, शिवाय शेती. मुलगा हुशार, पण मराठी शाळा झाल्यावर वडिलांनी त्याला शाळेतून काढलं आणि शेतीच्या कामाला लावलं. काही वर्षं तशीच गेली. शेजारी गफार बेग मुन्शी आणि लिजिटसाहेब नावाचे गृहस्थ राहत. या मुलाची बुद्धी वाया जाते आहे हे त्यांनी ओळखलं आणि वडिलांची समजूत घातली. १८४१ साली तो स्कॉटिश मिशनच्या शाळेत दाखल झाला. तेव्हा त्याचं वय होतं चौदा वर्षांचं. म्हणजे अगदी तुमच्याएवढं! हा मुलगा म्हणजे जोतीराव फुले. पुढे सातच वर्षांनी, १८४८ साली, त्यांनी पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली.

दुसरा मुलगा कोकणातला, दापोलीजवळच्या मुरूडचा. त्या काळी मराठी सहावीची मोठी परीक्षा असे. ती द्यायला हा मुलगा सोबत्यांबरोबर पावसापाण्यात, डोंगर-घाट ओलांडत, पायी साताऱ्याला गेला. तिथे परीक्षा घेणाऱ्या साहेबांनी त्याच्याकडे पाहिलं. अंगानं किरकोळ, दिसायला लहान. याला सतरा वर्षं पूर्ण झाली असतील हे त्यांना पटेना. त्यांनी त्याला परीक्षेला बसू दिलं नाही. एवढी पायपीट करून रिकाम्या हाती परत! तुम्ही-आम्ही काय केलं असतं? त्याने पुन्हा तयारी केली आणि ती परीक्षा पास केली. मॅट्रिक व्हायला १८८१ साल उजाडलं, तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता. हेच महर्षी धोंडो केशव कर्वे. १९१६ साली त्यांनी महिला विद्यापीठ स्थापन केलं आणि १९५८ साली, वयाच्या शंभराव्या वर्षी, त्यांना 'भारतरत्न' मिळालं.

दोघांच्याही वाटेत खंड पडला. पण खंड पडणं वेगळं आणि वाट सोडणं वेगळं, होय ना?

आता नववीचं बोलू. नवी शाळा मोठी असेल. इथे तुम्ही सगळ्यांत मोठे होता, तिथे पुन्हा लहान व्हाल. प्रत्येक विषयाला वेगळे सर, वेगळ्या मॅडम. कुणाला तुमचं नाव ठाऊक नसेल. पहिल्या चाचणीत गुण घसरतील, बीजगणितात घोडं अडेल. घाबरू नका. पहिले तीन महिने असेच असतात. रोज एक तरी शंका हात वर करून विचारा. शेजारच्या बाकावरच्याला डबा द्या, ओळख आपोआप होते.

आणि काही कारणाने खंड पडलाच, तरी दार बंद होत नाही. १७ नंबरचा फॉर्म भरून बाहेरून दहावीला बसता येतं. पण तो शेवटचा मार्ग, पहिला नव्हे. वर्गात बसून शिकण्याची सर त्याला नाही.

आता दोन शब्द पालकांसाठी. मुलगी शिकते आहे, तर खर्चाची धास्ती घेऊ नका. महाराष्ट्रात मुलींना बारावीपर्यंत फी माफी आहे. खेड्यातल्या मुलींना शाळेसाठी एसटीचा मोफत पास मिळतो. आठवीत राष्ट्रीय आर्थिक दुर्बल घटक शिष्यवृत्तीची परीक्षा देऊन जी मुलं निवडली जातात, त्यांना नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये मिळतात. मात्र त्यासाठी मूल शाळेत जात असलं पाहिजे. शाळा सुटली की शिष्यवृत्तीही सुटली. मुख्याध्यापकांना भेटून विचारा. विचारायला पैसे पडत नाहीत.

मुलांनो, शाळा उघडण्याआधी तुमचा दाखला पुढच्या शाळेत पोचवा. आणि आणखी एक काम करा. तुमच्या वर्गातली सगळी नावं आठवा. त्यातलं कोण यंदा घरी बसणार आहे? दोघं-तिघं मिळून त्याच्या किंवा तिच्या घरी जा. आईबाबांशी बोला, गुरुजींना बरोबर न्या. "काकू, आम्ही सगळे एकाच गाडीने जाऊ, एकत्रच येऊ," एवढं म्हणालात तरी पुष्कळ. जोतीरावांच्या शेजाऱ्यांनी याहून वेगळं काय केलं होतं?