लहर पोचते, सामना पोचत नाही

गोंदियाकडच्या नागझिऱ्याच्या जंगलात मोबाइलची रेंज शोधू नये, असे तिथे राहून आलेला प्रत्येक पर्यटक सांगतो. १९७० मध्ये अभयारण्य झालेल्या आणि डिसेंबर २०१३ मध्ये नवेगावसोबत व्याघ्र प्रकल्पात आलेल्या या जंगलाच्या आतल्या विश्रामगृहांना वीजही नाही. चोरखमारा, मंगेझरी, पिटेझरी या प्रवेशद्वारांच्या बाजूला वस्ती आहे, फोन आहेत. पण टेकडीच्या अलीकडे दोन काड्या आणि पलीकडे शून्य, हा जंगलाकाठच्या नेटचा स्वभाव. अशा ठिकाणी फुटबॉलचा सामना थेट ऐकायचा विषय निघाला, की उत्तर ठरलेले असते : ‘इतक्या आत काही पोचत नाही.’ हे उत्तर निम्मे चुकीचे आहे, आणि त्या निम्म्या चुकीमागे खरे कारण दडून राहते. लहरी इथवर पोचतात. त्यांच्यावर बसून यायला हवा तो सामना येत नाही, कारण तो वाटेत हक्कांच्या कुलपात अडकतो. दोष अंतराला दिला की कुलपाकडे कोणी पाहत नाही. म्हणून एकेक गैरसमज सुटा करून पाहायला हवा.

गैरसमज : इतक्या आत रेडिओ लागतच नाही.

लागत नाही तो एफएम. एफएमची लहर साधारण तीन मीटर लांबीची असते आणि ती जवळजवळ नजरेच्या रेषेत चालते. शंभर मीटर उंच मनोऱ्यावरून निघालेली अशी लहर सपाट मुलखात चाळीस-पंचेचाळीस किलोमीटरपर्यंत भरवशाने ऐकू येते. पुढे पृथ्वीची गोलाई आणि मधल्या टेकड्या तिला अडवतात. नागपूर इथून सरळ रेषेत नव्वद किलोमीटरच्या आसपास. तेव्हा शहरातली एफएम स्टेशने नागझिऱ्यात खरखरतात यात नवल नाही. २८ एप्रिल २०२३ रोजी देशभर १०० वॉटचे ९१ एफएम प्रक्षेपक एकदम सुरू झाले, तेही त्या त्या गावाच्या परिसरापुरते. मीडियम वेव्हचा हिशेब मात्र वेगळा. १६ जुलै १९४८ रोजी सुरू झालेल्या आकाशवाणी नागपूर केंद्राची मीडियम वेव्ह ५८५ किलोहर्ट्झवर आहे. त्या लहरीची लांबी पाचशे मीटरहून जास्त भरते. एवढी लांब लहर जमिनीला धरून सरकते, टेकडीला वळसा घालते, आणि नव्वद किलोमीटर हे अंतर तिला फार वाटत नाही. सूर्य मावळला की वातावरणाचा जो थर दिवसा या लहरी शोषून घेतो तो विरतो, आणि वरच्या थरावर आपटून शेकडो किलोमीटरवरची स्टेशनेही परत खाली येतात. म्हणून रात्री काटा फिरवला की परमुलखातल्या भाषा ऐकू येतात.

‘आमच्या सेटवर तेही नीट लागत नाही’ अशी तक्रार यावर येईल, आणि ती पुष्कळदा खरी असते. पण दोष बहुधा सेटच्या ठेवणीचा असतो. ट्रान्झिस्टरची वर ओढायची दांडी एफएमसाठी असते. मीडियम वेव्हला तिचा उपयोग नाही. मीडियम वेव्ह पकडते ती आत आडवी बसवलेली, तांब्याची तार गुंडाळलेली काळी फेराइट कांडी. या कांडीचे टोक स्टेशनकडे असेल तर आवाज बुडतो आणि तिची कूस स्टेशनकडे असेल तर भरून येतो. नागझिऱ्याहून नागपूर जवळपास सरळ पश्चिमेला, म्हणून सेट दक्षिणोत्तर आडवा ठेवावा. पूर्वेकडच्या रायपूरसाठीही हीच ठेवण चालते. दुसरा शत्रू घरातच असतो : स्वस्त एलईडी बल्ब, मोबाइलचा चार्जर, सौर पॅनेलचा नियंत्रक. यांच्या गुणगुणीने मीडियम वेव्ह गढूळ होते. सेट सेलवर चालवून या वस्तूंपासून चार हात दूर नेला तर तोच आवाज निवळतो. पावसाळ्यात विजेच्या कडकडाटाची खरखर राहतेच, तिला इलाज नाही. या हिशेबाने वीज नसलेले जंगल मीडियम वेव्हसाठी उत्तम ठरते. तरी अभयारण्यात शांतता पाळायची असते, तिथे रेडिओ नेऊ नये. ऐकायचे ते जंगलाबाहेर, गावात.

गैरसमज : फोनमधला रेडिओ आणि अ‍ॅपवरचा रेडिओ एकच.

दोन्ही एकाच पडद्यावर दिसतात, एवढेच त्यांचे साम्य. फोनमध्ये एफएमचा भाग असेल तर तो हवेतली लहर थेट पकडतो. त्याला इयरफोनची वायर अँटेना म्हणून लागते; नेट, रिचार्ज, सिमकार्ड यांतले काहीच लागत नाही. ही सोय फोनमध्ये असावी आणि बंद करून ठेवू नये, असे केंद्र सरकारने २०२३ मध्ये फोन बनवणाऱ्यांना सुचवले. पण फोनमध्ये मीडियम वेव्ह नसते, म्हणजे जंगलाकाठी नेमकी उपयोगाची लहर फोनला ऐकूच येत नाही. अ‍ॅपवरचा रेडिओ म्हणजे इंटरनेट. प्रसार भारतीच्या ‘न्यूज ऑन एअर’ अ‍ॅपवर आकाशवाणीची दोनशेहून अधिक स्टेशने मिळतात, पण नेट तुटले की स्टेशन तुटले. मात्र ‘नेटवर ऐकले की डेटा संपतो’ ही भीती फुगवलेली आहे. सेकंदाला ६४ किलोबिटने येणारा आवाज तासाला सुमारे २९ एमबी खातो. मध्यंतर धरून दोन तासांचा सामना साठ एमबीच्या आत बसतो. तोच सामना सेकंदाला दीड मेगाबिटच्या साध्या चित्रात पाहिला तर तासाला पावणेसातशे एमबी लागतात. जिथे चित्र अडखळून थांबते तिथे आवाज बहुतेक वेळा चालू राहतो. दुबळ्या नेटच्या गावात ऐकणे आणि पाहणे यांतला फरक असा सुमारे तेवीस पटींचा आहे.

‘लाइव्ह’ या शब्दानेही फसगत होते. इंटरनेटवर सामना तुकड्यातुकड्यांनी येतो आणि फोन काही तुकडे साठवून मगच वाजवतो, त्यामुळे अर्ध्या मिनिटाची पिछाडी नेहमीची. हवेतल्या लहरीला नागपूरहून नागझिऱ्याला यायला सेकंदाचे दहा हजारांतले तीन भाग पुरतात. ज्यांच्या घरात नेटही नाही आणि मीडियम वेव्हचा सेटही नाही, त्यांच्यासाठी तिसरी वाट छपरावर असते. डीडी फ्री डिशच्या छत्रीवर दूरदर्शनच्या वाहिन्यांसोबत आकाशवाणीच्या चाळीसहून अधिक वाहिन्याही येतात, आणि मासिक भाडे नाही. पूर्व रेखांश ९३.५ अंशांवरच्या उपग्रहाकडे पाहणारी ही छत्री आपल्याकडे आग्नेयेकडे, बरीच वर तोंड करून असते. तेवढे आकाश मोकळे असले की पुरे. मुसळधार पावसात मात्र ती काही वेळ आंधळी होते.

गैरसमज : मोठे सामने द्यायला आकाशवाणी बांधील आहे, आणि खासगी एफएमलाच हौस नाही.

साधने हाताशी असूनही सामना का येत नाही, याचे उत्तर इथे आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये हवेतल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे असे ठरवले. पण लहर सर्वांची असली तरी तिच्यावरून जाणारा सामना कोणाच्या तरी मालकीचा असतो. २००७ च्या कायद्याने राष्ट्रीय महत्त्वाच्या क्रीडास्पर्धांचे प्रसारण प्रसार भारतीला वाटून देणे हक्कधारकांवर बंधनकारक केले. जाहिरातींच्या उत्पन्नाची वाटणीही ठरली : दूरचित्रवाणीवर किमान ७५ टक्के हक्कधारकाला आणि २५ प्रसार भारतीला, रेडिओवर निम्मे-निम्मे. मात्र राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांची यादी सरकार काढते. फुटबॉलच्या विश्वचषकातले निवडक सामने त्यात असतात. इंडियन सुपर लीग किंवा युरोपातल्या लीगचे शनिवार-रविवारचे सामने नसतात. शिवाय हा कायदा प्रसारण मिळण्याची सोय करतो, मराठीत समालोचक बसवण्याची नाही. खासगी एफएमचे हात तर धोरणानेच बांधलेले आहेत. २०११ च्या तिसऱ्या टप्प्याच्या धोरणात त्यांना खेळांची माहिती देता येते, थेट प्रक्षेपण करता येत नाही. अपवाद फक्त स्थानिक स्वरूपाच्या सामन्यांचा. नागपूरच्या एखाद्या स्टेशनाने विश्वचषकाचे धावते वर्णन करायचे मनात आणले तरी ते त्याला करता येणार नाही.

‘हक्क विकले जातात म्हणूनच खेळात पैसा येतो, मग तक्रार कशाची?’ हा आक्षेप रास्त आहे. स्पर्धा भरवणाऱ्याला त्याचे मोल मिळायलाच हवे. पण आवाजाचे हक्क आणि चित्राचे हक्क या दोन वेगळ्या वस्तू आहेत. चित्र विकत घेणाऱ्या कंपनीला मराठी आवाजात रस असेलच असे नाही, आणि ज्याचा उपयोग कोणीच करत नाही तो हक्क कपाटात पडून राहतो. त्यातून ना पैसा येतो, ना श्रोता मिळतो. हक्कासोबत पोचही हवी. रात्रभर चालणाऱ्या आकाशवाणीच्या राष्ट्रीय वाहिनीचा १००० किलोवॉटचा प्रक्षेपक १५६६ किलोहर्ट्झवर नागपुरातच होता. युरोपातले सामने आपल्याकडे रात्री होतात आणि रात्रीच मीडियम वेव्ह दूर जाते. १९८८ मध्ये सुरू झालेली ती वाहिनी २०१९ च्या आरंभी बंद झाली, आणि पोच असलेला मोठा आवाज रात्रीचा गप्प झाला. देशात मीडियम वेव्हचे जुने प्रक्षेपक एकामागून एक बंद होत आहेत, हे खरे. ते खर्चिक आहेत, हेही खरे. पण जिथे पर्यायच नाही तिथले प्रक्षेपक शहरातल्या श्रोत्यांच्या सवयीवरून बंद करणे हा चुकीचा हिशेब आहे.

गैरसमज : नेट असले की जगातले कुठलेही स्टेशन ऐकता येते.

स्टेशन ऐकू येते, सामना येत नाही. बीबीसीच्या ‘रेडिओ ५ लाइव्ह’वर ब्रिटनमध्ये जे समालोचन चालू असते ते हक्क तिथल्यापुरते असल्याने बाहेरच्या श्रोत्यासाठी बंद केले जाते, २१ जुलै २०२५ पासून तर ‘बीबीसी साउंड्स’ हे अ‍ॅपच ब्रिटनबाहेरच्या श्रोत्यांसाठी बंद झाले. देशातही हवेतून प्रसारणाचा आणि इंटरनेटवरचा हक्क वेगवेगळा विकला जातो, त्यामुळे रेडिओवर चालू असलेले समालोचन अ‍ॅपवर नसणे शक्य असते. शिवाय पत्ता बदलत राहतो. २०२२ चा विश्वचषक जिओसिनेमावर फुकट दिसला. १४ फेब्रुवारी २०२५ रोजी जिओसिनेमा आणि डिस्ने प्लस हॉटस्टार एक होऊन जिओहॉटस्टार झाले. म्हणून स्पर्धा सुरू होण्याआधी तिच्या अधिकृत संकेतस्थळावर भारतातला हक्कधारक कोण ते पाहून घ्यावे. समाजमाध्यमांवर फिरणाऱ्या ‘फुकट लाइव्ह’ लिंकवर पुष्कळदा व्हिडिओ गेममधला सामना चालू असतो, किंवा कार्डचा नंबर मागितला जातो.

गैरसमज : फुटबॉल कानाने ऐकायचा खेळच नाही.

हा आक्षेप रेडिओइतकाच जुना आहे आणि त्याचे उत्तरही तितकेच जुने. २२ जानेवारी १९२७ रोजी बीबीसीने आर्सेनल आणि शेफिल्ड युनायटेड यांचा सामना हवेवर सोडला, तेव्हा आपल्या साप्ताहिकात मैदानाचे आठ क्रमांकित चौकोन छापले होते. एक जण खेळ सांगे, दुसरा चेंडू कोणत्या चौकोनात आहे तो आकडा बोले, आणि घरातला श्रोता कागदावर बोट फिरवी. पुढे आकड्यांची गरज उरली नाही, कारण भाषेनेच मैदान उभे करायला सुरुवात केली. कोलकात्यात अजय बसू, पुष्पेन सरकार, कमल भट्टाचार्य यांनी बंगालीत ते करून दाखवले; मोहन बागान-ईस्ट बंगालचा सामना मैदानाबाहेरच्या लाखोंनी ऐकला. मराठीत बाळ ज. पंडितांनी क्रिकेटसाठी शब्द घडवले. फुटबॉल वेगवान आहे म्हणून सांगता येत नाही, असे म्हणावे तर कबड्डीचे काय? वेगवान खेळात समालोचक प्रत्येक पास मोजत बसत नाही. चेंडू कोणत्या बाजूने चढतो आहे आणि गोलपासून किती दूर आहे, एवढे तो सतत सांगत राहतो.

‘गोंदियाच्या जंगलाकाठी फुटबॉल ऐकणार कोण?’ हा शेवटचा प्रश्न. श्रोता आधी आणि प्रसारण मागून, असे कोणत्याच खेळाचे झालेले नाही. क्रिकेटही गावोगाव पोचले ते ट्रान्झिस्टरवरून. आणि सुरुवात विश्वचषकापासूनच व्हायला हवी असेही नाही. परदेशी लीगचे कुलूप आपल्या हातात नाही, पण स्थानिक सामन्यांचे दार त्या २०११ च्या धोरणाने खासगी एफएमलाही उघडे ठेवले आहे. नागपूर-कामठीत फुटबॉल खेळणाऱ्या पिढ्या आहेत. त्यांच्या एखाद्या अंतिम सामन्याचे मराठी वर्णन आकाशवाणीच्या ५८५ किलोहर्ट्झवर सोडायला कोणाकडूनही हक्क कोट्यवधींना विकत घ्यावे लागणार नाहीत. त्या संध्याकाळी चोरखमाऱ्यातला सेट फक्त दक्षिणोत्तर ठेवलेला असावा.